टॉमी जॉन सर्जरी : एका रिलीफ पिचरच्या आईचा अनुभव

१२ जून २०२४ रोजी माझ्या मुलाच्या उजव्या कोपराचं ऑपरेशन झालं. मनगटातला टेंडन (स्नायूला हाडाशी जोडणारी दोरी) काढून तो कोपरातल्या फाटलेल्या लिगामेंटच्या (हाडाला हाडाशी बांधणाऱ्या पट्टीच्या) जागी बसवला. बेसबॉलच्या जगात याला टॉमी जॉन सर्जरी म्हणतात. ऑगस्ट २०२५ मध्ये तो पुन्हा सामन्यात उतरला. न्यू जर्सीत आमच्या ओळखीच्या बऱ्याच मराठी घरांतली मुलं आता बेसबॉल खेळतात, आणि गेल्या वर्षभरात काही आयांनी मला फोन करून हेच विचारलं: कुठे जायचं, खर्च किती येतो, मुलगा परत खेळतो का? म्हणून सगळं क्रमाने लिहून काढते आहे. मी डॉक्टर नाही. औषधोपचाराचा निर्णय तुमच्या सर्जनचाच.

भारतातल्या वाचकांसाठी आधी थोडं सांगते. बेसबॉलमध्ये चेंडू टाकणारा तो पिचर. सामन्याची सुरुवात करणारा पिचर वेगळा आणि तो थकल्यावर किंवा सामना अडल्यावर बोलावला जाणारा वेगळा. हा दुसरा म्हणजे रिलीफ पिचर. शेवटच्या षटकांसाठी राखून ठेवलेल्या गोलंदाजासारखा म्हणा. फरक एवढाच की त्याला आपली पाळी कधी येईल हे माहीत नसतं. हायस्कूलचा सामना सात इनिंग्जचा; दोन्ही संघांची एकेकदा फलंदाजी झाली की एक इनिंग. पाचव्या इनिंगपासून कोच हात करतो, मग हा बाजूच्या बुलपेनमध्ये जाऊन चेंडू टाकून हात गरम करतो. कधी बोलावतात, कधी नाही. कधी दोनदा गरम होऊन परत बाकावर बसावं लागतं.

आता मोजणीचं बघा. २०१४ मध्ये मेजर लीग बेसबॉल आणि यूएसए बेसबॉल यांनी ‘पिच स्मार्ट’ नावाची मार्गदर्शक तत्त्वं काढली. १७-१८ वर्षांच्या मुलाने दिवसात १०५ च्या वर चेंडू टाकू नयेत, वर्षातले किमान चार महिने पिचिंगपासून सुट्टी घ्यावी, लागोपाठ तीन दिवस पिचिंग करू नये, असं त्यात आहे. २०१७ पासून हायस्कूलच्या सामन्यांसाठी प्रत्येक राज्याला चेंडूंची मर्यादा ठरवणं बंधनकारक झालं. पण हे सगळे आकडे फलंदाजाला टाकलेल्या चेंडूंचे. बुलपेनमधले, माउंडवर (पिचर उभा राहतो त्या उंचवट्यावर) आल्यावर सरावाला टाकलेले, रविवारच्या खासगी कोचिंगमधले चेंडू त्यात येत नाहीत. दोनदा गरम होऊन न खेळलेल्या रिलीफ पिचरच्या नावापुढे त्या दिवशी शून्य लिहिलं जातं. त्याच्या कोपराच्या हिशेबात मात्र ते शून्य नसतं. तुमचा मुलगा रिलीफ पिचर असेल तर एवढी एक गोष्ट तरी लक्षात ठेवा.

१८ एप्रिल २०२४, गुरुवार. मुलगा ज्युनिअर वर्षात, म्हणजे अकरावीत होता. सहाव्या इनिंगमध्ये त्याने एक चेंडू टाकला, हात झटकला आणि कोचला बोलावलं. ओरडणं नाही, पडणं नाही. गाडीत बसल्यावर म्हणाला, “आई, करंगळीला मुंग्या येतायत.” बेसबॉलच्या बातम्यांत त्या महिन्यात हाच विषय होता. क्लीव्हलँडचा शेन बीबर आणि अटलांटाचा स्पेन्सर स्ट्रायडर, या दोन्ही नामवंत पिचर्सच्या कोपराची ऑपरेशन्स एप्रिलमध्येच झाली होती. त्यामुळे मुलाला काय झालं असेल याचा अंदाज आमच्याआधी त्यालाच आला होता.

शाळेच्या अ‍ॅथलेटिक ट्रेनरने दुसऱ्या दिवशी तपासून ऑर्थोपेडिककडे जायला सांगितलं. आमचा इन्शुरन्स प्लॅन पीपीओ प्रकारचा असल्यामुळे रेफरल, म्हणजे आधीच्या डॉक्टरांची शिफारस, लागलं नाही. एचएमओ प्रकारचा असेल तर आधी मुलांच्या डॉक्टरांकडून रेफरल घ्या, नाहीतर पहिल्याच भेटीचं बिल अंगावर येतं. हाडांच्या कुठल्याही डॉक्टरकडे न जाता खांदा-कोपर या भागातलाच, खेळाडूंची ऑपरेशन्स करणारा सर्जन शोधा. फोनवरच विचारा की वर्षाला ही ऑपरेशन्स किती करता आणि त्यात शाळकरी मुलं किती असतात. हा प्रश्न विचारल्याचा कुणालाही राग आला नाही.

एप्रिलच्या शेवटी भेट मिळाली. डॉक्टरांनी त्याचा अंगठा धरून कोपर बाहेरच्या बाजूला ताणत हात वाकवला आणि सरळ केला. एका ठराविक कोनात त्याचा चेहरा पिळवटला. एक्स-रे मध्ये हाडांची वाढीची टोकं जुळलेली दिसली. लहान मुलांमध्ये लिगामेंटच्या आधी ही टोकंच दुखावतात, म्हणून तो एक्स-रे महत्त्वाचा. मग त्यांनी एमआर आर्थ्रोग्राम लिहून दिला. यात आधी एक्स-रे खाली बघत सांध्यात डाय टोचतात आणि मग एमआरआय काढतात. डाय लिगामेंटच्या फटीतून बाहेर झिरपला तर फाटलेलं स्पष्ट दिसतं.

इथे पहिला अडथळा आला. इन्शुरन्स कंपनीने एमआरआयची मंजुरी नाकारली. कारण दिलं की आधी सहा आठवडे विश्रांती आणि फिजिओथेरपी झालेली नाही. पत्र वाचून मी हताश झाले होते. क्लिनिकमधल्या बाईंनी शांतपणे सांगितलं की हे नेहमीचं आहे, आमचे डॉक्टर त्यांच्या डॉक्टरांशी बोलतील. याला पीअर-टू-पीअर म्हणतात. तो फोन झाला आणि त्याच आठवड्यात मंजुरी आली. तुमच्याकडे असं पत्र आलं तर लगेच क्लिनिकला कळवा, कारण या फोनसाठी कंपन्या फार थोडे दिवस देतात. तो मार्ग बंद झाला तरी नकारापासून १८० दिवसांच्या आत अपील करता येतं, आणि तेही फेटाळलं तर बाहेरच्या तज्ज्ञांकडून फेरतपासणी मागता येते.

कोड लिहून ठेवायची सवय मला याच वेळी लागली. प्रत्येक तपासणीला आणि ऑपरेशनला बिलासाठी सीपीटी कोड नावाचा क्रमांक असतो. डायसह सांध्याच्या एमआरआयचा ७३२२२, टेंडन बसवून केलेल्या ऑपरेशनचा २४३४६. कंपनीला फोन करून “माझ्या मुलाच्या कोपराचं ऑपरेशन कव्हर आहे का” असं विचारलं की मोघम उत्तर मिळतं. कोड सांगून विचारलं की समोरचा माणूस स्क्रीनवर बघून नेमकं सांगतो. प्रत्येक फोनला तारीख, बोलणाऱ्याचं नाव आणि संदर्भ क्रमांक वहीत उतरवा. ती वही मला पुढे वर्षभर उपयोगी पडली.

मेच्या मध्यावर एमआरआय झाला. निकालात लिगामेंट पूर्ण फाटलेलं होतं, आणि उरलेला भागही झिजलेला. टोकापासून स्वच्छ सुटलेलं असतं तर आहे तेच लिगामेंट शिवून त्यावर मजबूत टेपचा आधार देण्याचा पर्याय होता. त्यातून लवकर बरं होता येतं. अर्धवट फाटलेलं असतं तर विश्रांती, व्यायाम आणि कदाचित रक्तातल्या प्लेटलेट्सचं इंजेक्शन. हे इंजेक्शन बहुतेक इन्शुरन्स देत नाहीत. आमच्या बाबतीत दोन्ही पर्याय गळाले. एमआरआयची सीडी घेऊन आम्ही फिलाडेल्फियात दुसरं मत घेतलं. त्यांचंही म्हणणं तेच पडलं. दुसरं मत घ्यायला संकोच करू नका. पहिल्या डॉक्टरांनी स्वतःहून सीडी तयार ठेवली होती.

त्या भेटीत मी विचारलं, “तो पुन्हा कधीच पिचिंग करणार नसेल तर हे ऑपरेशन लागेल का?” डॉक्टर म्हणाले, नाही. लिहिणं, गाडी चालवणं, सामान उचलणं, पोहणं, सगळं या लिगामेंटशिवाय नीट चालतं. हे लिगामेंट लागतं ते डोक्यावरून जोरात फेकण्यासाठीच.

ते उत्तर घरी घेऊन आलो आणि तो आठवडा फार जड गेला. नवऱ्याचं म्हणणं, शिक्षण आहे, तब्येत आहे, खेळ इथेच थांबवू. नाशिकहून सासूबाई व्हिडिओ कॉलवर विचारत होत्या, “रोजच्या कामाला लागत नाही, तर चांगल्या हाताला चाकू लावायचाच कशाला?” त्यांचा प्रश्न रास्त होता आणि मला त्याचं उत्तर देता येत नव्हतं. ते शेवटी मुलाने दिलं, मोडक्यातोडक्या मराठीत. “आजी, मला कॉलेजमध्ये खेळता येतं की नाही ते बघायचंय. नाही आलं तर मी सोडेन. पण न बघता नाही सोडणार.” सासूबाई थोडा वेळ गप्प बसल्या आणि म्हणाल्या, “मग नीट कर. अर्धवट करू नको.” पुढे वर्षभर हे वाक्य त्याला मी नाही, त्यांनीच आठवण करून दिलं.

त्या संध्याकाळचाच एक प्रसंग. बसवायचा टेंडन बहुतेक वेळा मनगटातला घेतात, पामारिस लाँगस नावाचा. त्याचं हाताला फारसं काम नसतं आणि काही जणांना तो जन्मतःच नसतो. अंगठा आणि करंगळी जुळवून मनगट किंचित आत वाकवलं की मधोमध दोरीसारखा वर येतो. नसला तर मांडीच्या मागचा टेंडन घ्यावा लागतो. मुलाच्या दोन्ही हातांत होता. मग नवऱ्याने करून बघितलं, मी केलं, पलीकडे नाशिकला सासूबाईंनी कॅमेऱ्यासमोर हात धरला. त्यांच्या उजव्या हातात आहे, डाव्यात नाही. सत्तरी ओलांडल्यावर त्यांना हे पहिल्यांदा कळलं.

या ऑपरेशनचा इतिहास मी याच दिवसांत वाचला आणि त्याने मला धीर दिला. जुलै १९७४ मध्ये लॉस एंजेलिस डॉजर्सचा डावखुरा पिचर टॉमी जॉन याचं कोपर निकामी झालं. २५ सप्टेंबर १९७४ ला डॉ. फ्रँक जोब यांनी त्याच्या उजव्या मनगटातला टेंडन डाव्या कोपरात बसवला. परत खेळण्याची शक्यता त्यांनी शंभरात एक सांगितली होती. टॉमी जॉन १९७६ मध्ये परतला, १९८९ पर्यंत, वयाच्या ४६ व्या वर्षापर्यंत खेळला. कारकिर्दीतल्या २८८ विजयांपैकी १६४ त्याने ऑपरेशननंतर मिळवले. मुलाचा आधार मात्र जॉन स्मोल्ट्झ होता. अटलांटाच्या या सुरुवातीच्या पिचरचं २००० मध्ये हेच ऑपरेशन झालं, परतल्यावर तो रिलीफला गेला आणि २००२ मध्ये ५५ सामने शेवटी येऊन राखले. २०१५ मध्ये तो हॉल ऑफ फेममध्ये गेला.

आकडेही विचारले. अलाबामातल्या डॉ. जेम्स अँड्र्यूज यांच्या गटाने २०१० मध्ये मोठा अभ्यास छापला. त्यात ८३ टक्के खेळाडू आधीच्या किंवा त्याहून वरच्या पातळीवर परतले, सरासरी साधारण एका वर्षाने. म्हणजे शंभरातले १७ त्या पातळीला परतले नाहीत, हेही मुलासमोरच बोललो. २००७ ते २०११ या काळात अमेरिकेत झालेल्या या ऑपरेशन्सपैकी निम्म्याहून अधिक १५ ते १९ वयाच्या मुलांची होती, हे वाचून मात्र मी बराच वेळ काही बोलले नाही. ऑपरेशननंतर चेंडूचा वेग वाढतो असा एक समज मुलांमध्ये आणि काही पालकांमध्येही आहे. तो खोटा आहे. वेग वाढलेला दिसला तर त्याचं श्रेय वर्षभराच्या व्यायामाला जातं, आणि तो व्यायाम धडधाकट कोपरानेही करता येतो.

ऑपरेशनचा दिवस छोटा होता. पहाटे सहाला पोचलो, दुपारी घरी. मुलगा १८ च्या आत असल्याने संमतीपत्रावर सही आमची. त्याने मागितलं म्हणून डॉक्टरांनी त्यालाही कागदावर सही करायला दिली, ते मला आवडलं. भूल दिली आणि शिवाय हाताच्या नसेचा ब्लॉक. त्यामुळे संध्याकाळपर्यंत हात लाकडासारखा होता. ब्लॉक उतरायला लागण्याच्या आधीच दुखण्याची पहिली गोळी द्या, उतरल्यावर नको. न्यू जर्सीत तीव्र वेदनाशामक पहिल्यांदा पाच दिवसांपेक्षा जास्त लिहून देत नाहीत. आम्हाला दोन दिवसच लागलं. उरलेल्या गोळ्या औषधाच्या दुकानातल्या परतीच्या पेटीत टाकल्या. किशोरवयीन मुलाच्या घरात त्या ठेवू नका.

खर्चाचं सांगते. हॉस्पिटल, सर्जन, भूलतज्ज्ञ मिळून लावलेली रक्कम पन्नास हजार डॉलर्सच्या आसपास होती. कंपनीने मान्य केलेली त्याच्या निम्म्याहून कमी. आमच्या खिशातून २०२४ मध्ये सुमारे पाच हजार गेले, कारण आमच्या प्लॅनमध्ये एका व्यक्तीची वर्षाची कमाल मर्यादा तेवढीच आहे. कायद्याने ही मर्यादा २०२४ मध्ये एका व्यक्तीसाठी ९,४५० डॉलर्सच्या वर नेता येत नव्हती. कंपनीकडून येणाऱ्या ज्या कागदावर ‘हे बिल नाही’ असं छापलेलं असतं, तो आणि हॉस्पिटलचं बिल शेजारी ठेवून जुळवा, मगच पैसे भरा. हॉस्पिटल तुमच्या नेटवर्कमधलं आणि भूलतज्ज्ञ बाहेरचा, असं घडलं तरी जानेवारी २०२२ पासूनच्या ‘नो सरप्रायझेस’ कायद्यामुळे तो जास्तीचं बिल तुमच्याकडून मागू शकत नाही. आम्हाला असं एक बिल आलं. त्या कायद्याचं नाव घेऊन फोन केला, ते मागे घेतलं गेलं.

मी नोकरीत एफएमएलएची, म्हणजे कुटुंबातल्या आजारपणासाठी कायद्याने मिळणारी, रजा काढली होती. घरच्या माणसाच्या आजारपणासाठी डब्ल्यूएच-३८० चा ‘एफ’ फॉर्म लागतो आणि तो सर्जनच्या ऑफिसला भरायला वेळ लागतो, म्हणून ऑपरेशनची तारीख मिळाली त्याच दिवशी द्या. रजा सलग घ्यायची गरज नसते. मी पहिला आठवडा घेतला आणि नंतर भेटींच्या दिवशी थोडी थोडी.

पहिला आठवडा हात नव्वद अंशांत बांधलेला. झोप रिक्लायनरवर, अर्धवट बसून. आंघोळीला हातावर प्लास्टिकची पिशवी. डाव्या हाताने चमच्याने वरणभात, पोळी मी तुकडे करून द्यायची. सतरा वर्षांच्या मुलाला आईने पोळीचे तुकडे करून देणं सोपं जात नाही. तो नजर खाली ठेवून खायचा, मी दुसरीकडे बघत बोलत राहायचे. शाळेची शेवटची परीक्षा याच काळात होती. डॉक्टरांचं पत्र समुपदेशकाला आधीच दिल्यामुळे त्याला टाइप करून उत्तरं देता आली आणि जास्त वेळ मिळाला.

मग बिजागरीचा ब्रेस आला. त्याला स्क्रूने कोन बांधतात आणि दर आठवड्याला थोडा मोकळा करतात. सहा आठवडे. त्यानंतर खरी फिजिओथेरपी. कोपर पूर्ण सरळ व्हायला वेळ लागला आणि मला त्याचीच सर्वात जास्त काळजी वाटत होती. थेरपिस्ट मात्र खांदा, पाठ आणि पायांवरच मेहनत घेत होती. तिने समजावलं की चेंडूचा जोर पायांतून येतो, पाय आणि कंबर कमी पडले की कोपर भरपाई करतं.

फिजिओथेरपीचा हिशेब आधीच मांडा. आमच्या प्लॅनमध्ये वर्षाला ३० भेटी मंजूर होत्या. २०२४ ची कमाल मर्यादा जूनमध्येच भरली होती, म्हणून डिसेंबरपर्यंत भेटींना पैसे पडले नाहीत. पण भेटी भराभर संपत आल्या. थेरपिस्टने प्रगतीचा अहवाल जोडून जास्तीच्या भेटी मागितल्या, थोड्या मिळाल्या. १ जानेवारीला भेटींचा आकडा पुन्हा ३० झाला आणि डिडक्टिबलही (इन्शुरन्स पैसे द्यायला लागण्याआधी आपण भरायची रक्कम) पुन्हा शून्यापासून सुरू झालं. जानेवारीपासून एका भेटीचे शंभरच्या वर डॉलर्स जाऊ लागले. म्हणून आम्ही भेटी आठवड्याला एकीवर आणल्या आणि बाकीचा व्यायाम त्याने घरी, लिहून दिलेल्या तक्त्यावरून केला. एचएसए खातं (औषधोपचाराच्या खर्चासाठीचं बचत खातं) असेल तर नोव्हेंबरमध्ये पुढच्या वर्षाची रक्कम ठरवताना हे धरा.

ऑगस्ट ते ऑक्टोबर हा काळ मला सगळ्यात अवघड वाटला. दुखणं संपलेलं, हात दिसायला ठणठणीत, आणि चेंडू फेकायला परवानगी नाही. आत नवा टेंडन जिवंत होत असतो, त्यात रक्तवाहिन्या वाढतात, तो हळूहळू लिगामेंटसारखा बनतो. ते बाहेरून दिसत नाही आणि घाईने होत नाही. मित्र मैदानावर, हा खोलीत. जेवायला बोलवलं की “भूक नाही”. आम्ही शाळेच्या समुपदेशकाकडे त्याची भेट ठरवली आणि तो दर पंधरवड्याला जात राहिला. हातासाठी थेरपिस्ट असतो तसा मनासाठीही माणूस लागतो, हे मी प्रत्येक आईला सांगते. त्या वर्षी पिचिंग आणि फलंदाजी दोन्ही करणारा लॉस एंजेलिस डॉजर्सचा शोहेई ओहतानीही सप्टेंबर २०२३ च्या कोपराच्या ऑपरेशनमुळे पिचिंग करत नव्हता. नुसती फलंदाजी करून त्याने ५४ होमरन आणि ५९ चोरलेले बेस असा हंगाम केला. रात्री उशिरा लॉस एंजेलिसचे सामने बघताना मुलगा मला त्याच्या सरावाच्या बातम्या सांगायचा. दोघं एकाच वाटेवर आहेत असं त्याला वाटत असावं.

नोव्हेंबरमध्ये पहिला चेंडू. ४५ फुटांवरून पंचवीस हलके चेंडू, थोडी विश्रांती, पुन्हा पंचवीस. दिवसाआड. मग ६०, ९०, १२० फूट. दुखलं तर एक पायरी मागे. फेब्रुवारीत १२० फुटांवर कोपराच्या आतल्या बाजूला दुखायला लागलं. आमच्या घरात त्या रात्री कुणी झोपलं नाही. सर्जनने तपासून सांगितलं की या टप्प्यावर असं होतं, दोन आठवडे मागे जा. तसंच झालं.

याच नोव्हेंबरमध्ये तो १८ वर्षांचा झाला, आणि दुसऱ्या दिवशी हॉस्पिटलच्या पोर्टलवरून माझा प्रवेश बंद झाला. रिपोर्ट दिसेनात, भेटीची वेळ बदलता येईना, फोनवर माहिती देईनात. कायद्याने तो आता सज्ञान. वाढदिवसाच्या आधीच हॉस्पिटलमधून माहिती देण्याच्या परवानगीचा फॉर्म आणून ठेवा आणि १८ झाल्यावर त्याची सही घ्या. सोबत हेल्थ केअर प्रॉक्सीही करून घ्या. तो बेशुद्ध असेल तर निर्णय कोणी घ्यायचा ते त्यात लिहिलेलं असतं. एफएमएलएचेही नियम १८ नंतर मुलांसाठी कडक होतात, म्हणून रजा लागणार असेल तर एचआरशी आधी बोला.

डिसेंबर २०२४ मध्ये मेजर लीगने पिचर्सच्या दुखापतींवरचा मोठा अहवाल काढला. वाढता वेग आणि प्रत्येक चेंडू पूर्ण ताकदीने टाकण्याची सवय यांवर त्यात बोट ठेवलं होतं. मुलाने तो आमच्याआधी वाचला.

मार्च २०२५ च्या शेवटी माउंडवरून पहिला सराव. फक्त सरळ वेगवान चेंडू, अर्ध्या ताकदीने. वळणारे चेंडू बरेच नंतर. शाळेचा शेवटचा हंगाम चालू होता. मुलगा रोज संघाबरोबर डगआउटमध्ये बसायचा. त्याने स्वतःहून एक काम घेतलं. हातात क्लिकर घेऊन तो बुलपेनमध्ये मित्रांनी टाकलेले चेंडू मोजायचा आणि वहीत सामन्यातल्या चेंडूंशेजारी लिहायचा. काही दिवसांनी कोच ती वही बघून ठरवायला लागले की आज कुणाला उठवायचं नाही. मेमध्ये शेवटच्या सामन्यात त्याला निदान एका फलंदाजापुरतं उतरवावं असं संघात सगळ्यांना वाटत होतं. प्रेमानेच. पण सर्जनचं लेखी पत्र होतं की उन्हाळ्यापर्यंत स्पर्धेत पिचिंग नाही. हे पत्र आधीच मागून घ्या. तोंडी ‘नको’ म्हणणं मुलाला जड जातं, कागद दाखवणं सोपं जातं.

कॉलेजचं: दोन ठिकाणच्या कोचचे ईमेल दुखापतीनंतर थांबले. एका डिव्हिजन थ्री (कॉलेजच्या खेळांची तिसरी श्रेणी) कॉलेजच्या कोचने स्पष्ट विचारलं, सर्जन कोण, ऑपरेशन कधी झालं, सध्या किती फुटांवर आहेस. मुलाने सगळं खरं लिहिलं आणि त्यांनी यायला सांगितलं. डिव्हिजन थ्रीमध्ये खेळासाठी शिष्यवृत्ती नसते, त्यामुळे प्रवेश आणि आर्थिक मदत नेहमीच्याच मार्गाने झाली. खेळण्याआधी कॉलेजने मागितलेले कागद असे: ऑपरेशनचा सविस्तर अहवाल (डिस्चार्जचा कागद चालत नाही), फिजिओथेरपीचा शेवटचा अहवाल, सर्जनचं परवानगीपत्र, इन्शुरन्स कार्ड आणि सिकल सेल ट्रेटची तपासणी. ही तपासणी एनसीएए, म्हणजे कॉलेजच्या खेळांची संघटना, मागते. इथे जन्मलेल्या मुलांची ती जन्मानंतर लगेच झालेली असते, मुलांच्या डॉक्टरांकडे नोंद मिळते. भारतात जन्मलेल्या मुलाला साधी रक्ततपासणी करून घ्यावी लागते.

१६ जून २०२५ ला ओहतानी पुन्हा माउंडवर आला. आमचा मुलगा त्यानंतर ऑगस्टमध्ये, उन्हाळी लीगच्या एका सामन्यात, सहाव्या इनिंगला. नवरा कठड्याला धरून उभा होता. पहिला चेंडू खाली गेला, दुसरा बाहेर, तिसऱ्यावर फटका बसून झेल गेला. एक बेस हिट दिला, एकाला बाद केलं, आणि शेवटच्या फलंदाजाचा चेंडू त्याच्याच हातात आला. इनिंग संपवून तो थेट आमच्याकडे न येता आधी कोपरावर बर्फ बांधायला गेला. दुसऱ्या दिवशी सकाळी नाश्त्याला बसल्यावर मी काही विचारण्याआधी म्हणाला, “खांदा दुखतोय, कोपर नाही.” सासूबाईंना फोन त्यानेच केला.

आता तो पेनसिल्व्हेनियात आहे. पहिल्या हंगामात लागोपाठ दोन दिवस पिचिंग नाही, असं सर्जनने लिहून दिलं आहे. तो २६ वर्षांचा होईपर्यंत आमच्या इन्शुरन्सवर राहू शकतो, पण कॉलेज दुसऱ्या राज्यात असेल तर तिथले फिजिओथेरपिस्ट आणि एमआरआय सेंटर तुमच्या नेटवर्कमध्ये येतात का, हे जुलैतच फोन करून विचारा. आमच्या प्लॅनमध्ये कॉलेजजवळचं एकच क्लिनिक निघालं आणि तिथे नव्या पेशंटला तीन आठवडे थांबावं लागतं, म्हणून आम्ही त्याची पहिली भेट तो हॉस्टेलवर जाण्याआधीच ठरवून टाकली.